मागल्या दारातलं पान

१

चटणीला बसायच्या आधी भागीरथी हाताला गोडंतेल चोळायची. करवंदाचा पांढरा चीक एकदा बोटांना धरला की राख लावा नाहीतर साबण लावा, दोन दिवस सुटत नाही. मग अर्धी कच्ची, अर्धी लाल झालेली करवंदं चिरायची, बिया काढायच्या, मिठाच्या पाण्यात तासभर टाकायची. तोवर चुलीवर मोठा टोप चढायचा. गूळ, घरची लाल मिरची, भाजून भरड केलेली मेथी, बडीशेप, सुंठ, आणि वरून मोहरीची फोडणी. खर्डीपासून सापगावापर्यंत ज्यांनी ती चटणी खाल्ली त्यांनी बोटं चाटली, आणि ज्यांना मिळाली नाही त्यांनी भागीरथीला गर्विष्ठ म्हटलं.

गर्विष्ठ तर ती होतीच. का नसावं? अठ्ठावन्न वर्षांची बाई, डोंगरातून करवंदांची पाटी डोक्यावर घेऊन हात न लावता उतरायची. तोंडात बत्तीसच्या बत्तीस दात शाबूत, सुपारी फोडायला अडकित्ता लागायचा नाही. नाकावर माशी बसू द्यायची नाही. आणि हाताची चव अशी की नवरा सावळाराम चाळीस वर्षं तिच्याशी भांडत आला, पण ताटावरून कधी उठला नाही.

त्या घराची चटणीची एक रीत होती. चुलीपाशी बसून डाव चालवणारीनं टोपातलं चाखायचं नाही. पहिला डाव पळसाच्या पानावर घालायचा आणि मागल्या दाराच्या उंबऱ्यावर बसलेल्या बाईकडे द्यायचा. तिनं चाखायचं, तिनं सांगायचं. भागीरथी नवी सून होती तेव्हा तिच्या सासूनं, जनाबाईनं, एका उन्हाळ्यात टोपात दोनदा मीठ घातलं. त्याच दिवशी जनाबाई उठली, शिवणीच्या लाकडाचा डाव सुनेच्या हातात दिला आणि मागल्या दारात जाऊन बसली. हात चुकला की डाव सोडायचा, ही त्या घरची शिस्त.

जनाबाई तोंडानं कधी बोलली नाही. मीठ कमी असलं तर रिकाम्या पानाच्या कोपऱ्यावर चिमूटभर मीठ ठेवून पान परत पाठवायची. गोड कमी तर गुळाचा खडा. सगळं जमलं असेल तर पान चाटूनपुसून लख्ख. तेवढीच शाबासकी. दात तर तिचे लवकरच गेले, दर उन्हाळ्यात एखादा. मिश्रीनं जातायत असं सगळे म्हणायचे. पुढं पुढं नुसत्या हिरड्यांनी पान चाटायची, पण उंबरा सोडायची नाही. मरायच्या आधी सुनेला एवढंच म्हणाली होती, "मागलं दार लावलेलं ठेव, नायतर भरलेलं ठेव. उघडं नि रिकामं ठेवू नको."

त्याला अकरा वर्षं झाली. भागीरथीनं मागल्या दाराला कडी घातली, रीत मोडली आणि तळहातावर घेऊन स्वतःच चाखायला लागली. मी करणार नि मीच पास करणार, तिसऱ्याचं काय काम? आणि अकरा वर्षांत तिची चटणी एकदासुद्धा चुकली नाही.

आता खरी गोष्ट सांगायची तर गेल्या आश्विनात तिला ताप आला. ताप गेला आणि जाताना तोंडाची चव घेऊन गेला. चहा म्हणजे गरम पाणी, मिरची म्हणजे नुसती आग. शहापूरचे डॉक्टर म्हणाले येईल हळूहळू. दिवाळी गेली, होळी गेली, चव काही आली नाही. भागीरथीनं घरात कुणाला पत्ता लागू दिला नाही. कळलं असतं तर डाव सून सारिकाच्या हातात द्यावा लागला असता. कालची पोर, आसनगावला कंपनीत पॅकिंगला जाणारी. कानामागून आली नि तिखट झाली, असं व्हायला भागीरथी तयार नव्हती.

२

वैशाखातला पहिला टोप तिनं हाताच्या अंदाजानं उतरवला. दुपारचे बारा वाजले होते. सावळाराम ओटीवर आडवा झालेला, नात मनाली शेजारी खेळायला, सारिका आणि मुलगा किशोर कामावर. टोपातून वाफ येत होती. रंग बरोबर, दाटपणा बरोबर, डाव फिरवताना होणारा आवाजसुद्धा बरोबर. चव मात्र देव जाणे.

विचारावं कुणाला? सावळारामला चिखल वाढला तरी "बरा झालाय" म्हणेल. आणि विचारलं की पोटातलं ओठावर आलंच.

तिला कावळ्यांची आठवण झाली. कावळ्याला सगळं कळतं. पिंडाला शिवायचं की नाही हे ज्याला कळतं, त्याला चटणी कळणार नाही? तिनं अकरा वर्षांची कडी काढली. दार कुरकुरलं. मागं परड्याचा छोटा तुकडा, त्यापलीकडे करवंदीच्या जाळ्या आणि सरळ डोंगर. तिनं पळसाच्या पानावर एक डाव चटणी घातली, पान उंबऱ्याबाहेर पायरीवर ठेवलं आणि चुलीपाशी येऊन बसली. कावळा शिवला तर झाली, नाही शिवला तर बघू.

कावळा ओरडला नाही, पंख वाजले नाहीत. टळटळीत दुपार, पान हलत नव्हतं. थोड्या वेळानं ती बघायला गेली तेव्हा पान पायरीवर नव्हतं. उंबऱ्याच्या आत, जमिनीवर नीट ठेवलं होतं. वरची चटणी गेलेली. कोपऱ्यावर चिमूटभर मीठ.

भागीरथी उभीच राहिली. मग खाली बसून तिनं मीठ बोटानं दाबून बघितलं. खडे मीठच होतं, तिच्याच बरणीतलं असतं तसलं. तिनं ओटीकडे बघितलं. सावळाराम घोरत होता.

ती चुलीपाशी आली, चिमूटभर मीठ टोपात टाकलं, ढवळलं. माप चुकलं नाही.

३

दुसऱ्या दिवशी शेजारची सकुबाई वाटी घेऊन आली ती बोटं चाटतच.

"भागीरथे, औंदा काय घातलंस गो यात? आमच्या घरात भांडणं लागली बरणीवरनं."

"काय घालणार? हात घातलाय," भागीरथी म्हणाली.

सकुबाई मुद्द्यावर आली. तिच्या काशीचं लग्न ज्येष्ठात, मुलगा मुरबाडचा. हळदीच्या जेवणाला करवंदाची चटणी पाहिजे, ती भागीरथीच्याच हातची. "मुरबाडकर लय नावं ठेवणारे हायेत. 'अजून वाढा' म्हणून त्यांनी पानावर बोट आपटलं पायजे एकदा."

"आपटतील," भागीरथी म्हणाली, आणि तिची छाती फुगली. मनात मात्र तिचा संशय सारिकावर होता. मीठ ठेवणारी हीच असणार. हिला कळलंय. सकाळी कामावर गेल्यासारखं दाखवून मागून आली असेल. आपल्याला लाज आणायची म्हणून केलं असेल, नाहीतर दया दाखवायची म्हणून. दया असेल तर ती लाजेपेक्षा वाईट.

"आई, ही हळदीची चटणी मी करू का तुमच्याबरोबर?" रात्री भाकऱ्या थापताना सारिकानं विचारलं. "शिकेन तरी."

"बिया काढ. तेवढं शिकलीस तरी लय झालं."

सारिकानं पुढची भाकरी थापायला घेतली. ती कधीच काही बोलायची नाही, हाच भागीरथीचा तिच्यावर राग होता.

पुढच्या टोपाच्या दिवशी भागीरथीनं सावळारामच्या फोनवरून बरोबर बाराला सारिकाला फोन लावला. मागं मशीनचा खडखडाट ऐकू येत होता. "काय झालं आई? मनाली बरी हाय ना?" भागीरथीनं "काय नाय" म्हणून फोन ठेवला आणि मागल्या दाराकडे गेली. पान उंबऱ्याच्या आत आलं होतं. कोपऱ्यावर गुळाचा खडा होता.

मग कोण, हे तिला आपोआपच कळलं. अशी पानावर चिमूट ठेवायची सवय जगात एकाच बाईला होती. भीती वाटायला पाहिजे होती, पण भागीरथीला वाटला तो मान. मेली तरी सासूला आपल्याच हातची चटणी लागते. तिनं गुळाचा खडा टोपात टाकला आणि हळूच म्हणाली, "घातला हो आई."

४

चार टोप झाले. दर टोपाला पान जायचं, दर टोपाला परत यायचं. आधी मीठ, मग गूळ, मग एकदा बडीशेपेचे चार दाणे. पाचव्या टोपाला पान लख्ख आलं, चाटूनपुसून. भागीरथीनं ते पान कपाळाला लावलं.

त्या दिवशी सावळारामनं चटणी खाल्ली आणि घास हातात धरून बसून राहिला.

"काय झालं? तिखट लागली?"

"नाय. आईच्या वेळची चव हाय ही," तो म्हणाला. "तू करतेस ती चांगली असते. पण ही तुझी नाय, आईच्या वेळची हाय."

भागीरथीला हे बोलणं आवडलं नाही. ती चूल सारवायला गेली. जाताना तिनं ते लख्ख पान उचललं, टाकायला म्हणून, आणि उजेडात धरलं.

पानाच्या कडेला चावा होता. अर्धगोल, लहान, एकसारखा. दातांची एकेक खूण मोजता येत होती. पान खाल्लं नव्हतं, चटणी चाटता चाटता दात लागावेत तसं झालं होतं. माणसाच्या तोंडात असतात त्यापेक्षा ते दात बारीक होते, आणि जास्त होते.

जनाबाईच्या तोंडात मरताना एकही दात नव्हता.

शेळी असेल, तिनं स्वतःला सांगितलं. शेळी पळस खाते. माकड असेल, खार असेल. पण शेळी मीठ ठेवत नाही आणि खार बडीशेप मोजत नाही. हे दोन विचार तिच्या डोक्यात शेजारी शेजारी बसले आणि एकही उठेना. तिनं पान चुलीत घातलं. मागल्या दाराला कडी घातली, कडीत जुनी पळी अडकवली, आणि दाराला तांदळाचं पोतं लावलं.

५

सहावा टोप तिनं दार लावून केला. आपण चाळीस वर्षं डाव धरलाय, आपल्या हाताला माप आहे, असं म्हणत केला. मीठ अंदाजानं, गूळ अंदाजानं, ढवळताना देवाचं नाव. पहिली वाटी मनालीच्या पुढं ठेवली.

मनाली सात वर्षांची. तिनं बोट घातलं, तोंडात घेतलं आणि तोंड वाकडं केलं. "आजी, खारट गो. समुद्र झालाय."

सावळारामनं बोट लावलं. बायकोकडे बघितलं आणि तांब्याभर पाणी प्यायला. चाळीस वर्षांत तो पहिल्यांदा ताटावरून उठला.

"मुद्दाम खारट केली," भागीरथी म्हणाली. "टिकायला बरी."

सगळा टोप तिनं परड्यात खड्डा करून पुरला. पुरताना रडू आलं, ते चटणीचं नव्हतं. आपला हात गेला, हे तिला त्या खड्ड्यापाशी कळलं. हळदीला तीन दिवस होते. मुरबाडची शंभर माणसं पानावर बसणार, आणि सगळ्या खर्डीला माहीत की चटणी भागीरथीची. नाही म्हणायचं तर का, हे सांगावं लागणार. सांगितलं की डाव गेला. डाव गेला की आपण कोण? भाकरी खाणारी एक म्हातारी.

खड्डा बुजवून ती पुढल्या दारानं घरात आली. तांदळाचं पोतं बाजूला सरकवलेलं होतं. आतून लावलेली कडी आतूनच काढलेली होती. अडकवलेली पळी उंबऱ्यावर आडवी ठेवली होती, नीट, जशी भांडी घासून ठेवतात तशी.

तिनं कडी परत घातली नाही. घालावीशीही वाटली नाही, आणि या गोष्टीचीच तिला जास्त भीती वाटली.

६

हळदीच्या आदल्या दिवशी सारिकानं सुट्टी घेतली. सकाळपासून दोघींनी करवंदं चिरली. सकुबाईनं भाड्यानं आणलेला मोठा टोप चुलीवर चढला. बाराला चटणी होत आली. भागीरथीनं सारिकाला पाणी आणायला विहिरीवर पाठवलं आणि पान मागल्या पायरीवर ठेवलं.

पान यायला उशीर लागला. आलं तेव्हा त्यावरची चटणी तशीच होती, तोंड न लावलेली. कोपऱ्यावर काहीतरी पांढरं होतं. मीठ असेल म्हणून भागीरथीनं चिमटीत धरलं. मीठ नव्हतं. दुधाचा दात होता, लहान, मुळाशी किंचित लाल.

मनालीचा पुढचा दात कालच पडला होता. सावळारामनंच तिला उचलून धरलं होतं, आणि पोरीनं "उंदरा उंदरा, माझा दात घे, तुझा दात दे" म्हणत तो कौलावर टाकला होता. कौलावरून घरंगळून पडला असेल. वाऱ्यानं. पण वारा कुठं होता?

"मनाली," तिनं हाक मारली. पोर ओटीवरून धावत आली, दात पडलेल्या खिंडीतून जीभ काढत.

"तू मागल्या दारात आलीस? इथं काय ठेवलंस?"

"नाय. मी कशाला येऊ? तिथं तू बसतेस ना."

"मी कधी बसते?"

"रोज दुपारची बसतेस की," मनाली म्हणाली. "पान घेऊन. हिरव्या लुगड्यात. पण मी तिथनं हाक मारली ना, तर तू चुलीपाशनं ओ देतेस."

भागीरथीच्या अंगावर त्या दिवशी हिरवं लुगडं होतं. तिच्याकडे हिरवं एकच होतं.

"मी बसते तेव्हा तुला काय म्हणते?" तिनं विचारलं. आवाज ताळ्यावर ठेवला.

"काय नाय. तोंड उघडून दाखवते. किती दात हायेत ते."

चूल फुरफुरत होती. टोपात चटणी अजून उकळ्या फोडत होती, आणि तिला काय कमी आहे ते पानावर लिहून आलं होतं. मीठ मागितलं तेव्हा मीठ घातलं, गूळ मागितला तेव्हा गूळ घातला. आज दात ठेवलाय. उद्या त्या दाताची धनीण. भागीरथीनं पोरीचा दंड इतका घट्ट धरला की ती कळवळली.

"आजोबांकडे जा. आज ओटी सोडायची नाय. मी मागनं हाक मारली तरी यायचं नाय. कळलं? मी मारली तरी."

७

सारिका पाण्याचा हंडा घेऊन आली तेव्हा सासू चुलीपाशी उभी होती. हातात डाव होता आणि तो तिनं पुढं केला होता.

"धर."

"काय झालं आई?"

भागीरथीनं आयुष्यात बाळंतपणं सोसली होती, नांगर धरला होता, साप मारला होता. पण पुढचं वाक्य तोंडातून काढताना तिला जसं झालं तसं कधी झालं नव्हतं. "माझी जीभ गेली. तापापासनं चव नाय. काय घालते ते मला कळत नाय."

सारिकानं हंडा खाली ठेवला. पदराला हात पुसले. "मला दिवाळीपासनं म्हायती हाय," ती म्हणाली. "तुमी चहात मीठ घातलं होतं नि पिऊन टाकला होता."

"मग बोलली का नायस?"

"डाव तुमच्या हातात होता, आई."

भागीरथीनं सुनेकडे नीट बघितलं. कदाचित पहिल्यांदाच. ही पोर सात महिने गप्प राहिली, घरात नाही बोलली, विहिरीवर नाही बोलली. एवढा मान ठेवणारी बाई आपल्या घरात आहे, आणि आपण तिच्याकडून बिया काढून घेत होतो. तिला सुनेचा अभिमान वाटला, आणि त्यात स्वतःची लाज अर्धी विरघळली.

"तळहातावर घे, चाख, काय पायजे ते घाल," ती म्हणाली. "आणि काही झालं तरी मागं येऊ नको. मी दारात बसते."

मधल्या खोलीतून मागल्या दारापर्यंत बारा पावलं होती. खोलीत अंधार आणि दारात उजेडाचा चौकोन. सहाव्या पावलाला तिला दिसलं की चौकोन रिकामा नाही.

उंबऱ्यावर कुणीतरी बसलं होतं, डोंगराकडे तोंड करून. हिरवं लुगडं. मानेवर तिच्यासारखाच अंबाडा, त्यात तिचाच तुटक्या दाताचा आकडा. उजवा खांदा किंचित वर, पाटी वाहून वाहून तिचा झालाय तसा. आणि कानामागचा जबडा हलत होता, सावकाश, सारखा. चघळल्याचा आवाज येत होता. तोंडात काहीच नसताना माणूस चघळतो तसा.

तिला पळावंसं वाटलं. पाय मागं वळलेसुद्धा. पण मागं चूल होती, चुलीपाशी सून होती, ओटीवर नात होती, आणि हे सगळं तिचं होतं. आपल्या लुगड्यात, आपल्या अंबाड्यात, आपल्या उंबऱ्यावर दुसरं कुणी बसलंय, हे बघून तिच्या भीतीवर राग चढला. भागीरथी ती भागीरथीच.

"ऊठ," ती म्हणाली. "ती जागा माझी हाय."

जबडा थांबला. मान वळायला लागली. गाल दिसला, मग ओठाचा कोपरा, आणि ओठ मागं सरकला तेव्हा आत दात दिसले, बारीक, एकामागं एक, दुसऱ्या रांगेमागं तिसरी. भागीरथीनं डोळे मिटले नाहीत. पण पापणी लवली. तेवढ्यात उंबरा रिकामा होता आणि पायरीवर पान होतं.

ती जाऊन बसली. उंबऱ्याचा दगड सावलीतला. तो गार असायला पाहिजे होता. ऊब होती त्याला, नुकतंच कुणी उठून गेल्यासारखी.

८

हळदीला मुरबाडकरांनी चटणी तीन तीन वेळा मागून घेतली. नवऱ्याच्या मामानं पानावर बोट आपटलं की नाही ते सकुबाईलाच माहीत, पण ती तसं सगळ्यांना सांगत सुटली. कुणीतरी भागीरथीला म्हणालं, तुझ्या हाताला तोड नाही. भर मांडवात, सगळ्यांना ऐकू जाईल असं ती म्हणाली, "माझा हात नाय. माझ्या सुनेचा हाय. मी दारात बसते." सारिका वाढता वाढता थांबली आणि तिनं पदर डोक्यावरून सारखा केला.

आता त्या घरी चटणीचा दिवस असला की सारिका चुलीपाशी बसते. तळहातावर चाखते, नवीन पिढी, पण पहिला डाव पानावर घालून मागल्या दारात देते. सासूबाईंचा मान म्हणून. भागीरथी पान मांडीवर घेते. तिच्या जिभेला अजून काही कळत नाही. जनाबाईनं एका उन्हाळ्यात दोनदा मीठ का घातलं असेल, आणि मग तीसेक वर्षं तिला मीठ कमी-जास्त कसं कळत होतं, याचा विचार ती आता करत नाही. पानाची आपल्याकडची कड ती दोन्ही हातांनी धरते. पलीकडची कड जाळ्यांच्या बाजूनं हळूच ताणली जाते. मग तिला समजतं काय कमी आहे, आणि ती चिमूटभर मीठ, नाहीतर गुळाचा खडा, कोपऱ्यावर ठेवून पान आत पाठवते. सारिका म्हणते, आईंचा अंदाज कधी चुकत नाही.

हळदीच्या आदल्या दुपारी, त्या पहिल्या दिवशीच, ती बसली तेव्हा पानावर मनालीचा दात तसाच होता. तिनं तो उचलून कमरेच्या पिशवीत ठेवला. पान ताणलं गेलं. तिनं सोडलं नाही. परत ताणलं गेलं, जोरात. तेव्हा तिला सासूच्या हिरड्या आठवल्या, दर उन्हाळ्यात एक, आणि सगळा गाव मिश्रीला नावं ठेवायचा ते आठवलं. तिनं बोट तोंडात घालून मागची दाढ चाचपली. सुपारी फोडणारी दाढ. हलत होती. सकाळी हलत नव्हती.

तिनं ती बोटांनी उपटली, जरासुद्धा दुखलं नाही. तिनं ती पानाच्या कोपऱ्यावर ठेवली, पान पायरीवर सरकवलं आणि पाठ ताठ करून बसली. चुलीपाशी सारिका डाव फिरवत होती. ओटीवर मनाली आजोबांशी कशावरून तरी वाद घालत होती, तिचा आवाज इथपर्यंत येत होता. जाळ्यांत चघळल्याचा आवाज सुरू झाला.

"सावकाश खा," भागीरथी डोंगराकडे बघत म्हणाली. "अजून एकतीस हायेत. नातीचं लगीन होईस्तो पुरतील."